खेळताना कॉल नकोत

मार्गोनोने गेम मोड बंद करायचं ठरवलं तेव्हा विगातीला तैवानला जाऊन नऊ दिवस झाले होते, आणि या नऊ दिवसांत बापाशी तिचं एका शब्दाचंही बोलणं झालं नव्हतं.

सेमारांगच्या एका रुग्णालयाबाहेर, केतापांगच्या झाडाच्या रुंद पानांखाली, दुचाकीवरून सवारी नेणाऱ्यांचा अड्डा होता. दुपारी रस्ता तापून पांढरा पडला की ऑर्डरी मंदावत. मग हेल्मेटं हँडलला अडकवून पाच जण ओट्यावर ओळीने बसत. आडवे धरलेले फोन दोन्ही हातांत आणि माना खाली, जणू प्रत्येकाच्या ओंजळीत पाणी आहे आणि ते सांडू द्यायचं नाही. पाच जणांची ही टोळी, समोर कुठल्याशा अनोळखी गावातली दुसरी पाच जणांची. डाव पंधरा-वीस मिनिटांचा. मधूनच उठून जाणाऱ्याला क्षमा नसे.

त्या दिवशी मार्गोनोच्या हातात फोन उभा होता.

"मास, फोन आडवा कर," शेजारचा तोहिर म्हणाला. मार्गोनोला सगळे मास, म्हणजे दादा, म्हणत. "समोरचे थांबलेत."

"आज नाही."

"आज नाही म्हणजे? आम्ही चौघांनी काय झाडाची पानं मोजायची?"

"गेम मोड कुठून बंद करतात?"

"कोणाचा?"

"माझा."

तोहिरने पहिल्यांदाच पडद्यावरून डोळे वर काढले. "लोक तो चालू कुठून करायचा ते विचारतात. बंद कुठून करायचा विचारणारा तू पहिलाच."

"फोन तापला असेल त्याचा," पलीकडून बाग्यो म्हणाला. "अंडं तळून होतं त्यावर. मीच परवा घरून मीठ आणणार होतो."

मार्गोनो हसला नाही. हा मोड त्याच्या फोनमध्ये लेकीने बसवला होता, आणि तो कुठून सुरू होतो नि कुठे संपतो हे त्याने तिला कधी विचारलंच नव्हतं.

ती दुपार त्याला आता लख्ख आठवत होती. विगाती स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसलेली, गुडघ्यावर नवा फोन, केस ओले. "हे चालू केलं की फोन आपली सगळी ताकद खेळाला देतो, बापाक. बाकी सगळं झोपवतो."

"सगळं?"

"कॉल, मेसेज, सगळं. पण काही नावं वगळता येतात. ऑर्डरचं अ‍ॅप वगळते, नाहीतर उपाशी मराल. आईचा नंबर?"

"तिचा कशाला? ती दिवसातून सात वेळा फोन करते. मीठ आणा, गॅस संपला."

"ऐकतेय मी," त्याची बायको सुमिराह आतून म्हणाली.

"मग माझा?"

"तू मेसेज करत जा, न्दुक," तो लाडाने म्हणाला. "कॉल आला की खेळ अडकतो."

विगातीने मान डोलावली होती. तिचा अंगठा पडद्यावरून खाली सरकत गेला होता, एका जागी किंचित थांबला होता, पुन्हा सरकला होता. मग तिने फोन त्याच्या हातात दिला आणि म्हणाली, "घ्या. आता तुमच्या आड कोणी येणार नाही."

पुढे ती परदेशी कामाला पाठवणाऱ्या केंद्रात चार महिने राहिली. तिथे तिला चिनी बोलायला शिकवलं, अंथरुणावरच्या म्हाताऱ्या माणसाला न दुखवता कूस कशी बदलावी ते शिकवलं, आणि आपल्या माणसांवाचून राहायचं तेही, न शिकवता, तिथेच अंगवळणी पडलं. निघण्याआधी तिला दोन दिवसांची सुट्टी मिळाली. लांब जाणाऱ्या लेकराने आईबापापुढे गुडघे टेकायचे, त्यांच्या मांडीवर कपाळ ठेवायचं, झाल्या-गेल्याची क्षमा मागायची आणि आशीर्वाद घेऊन उठायचं, हा सुंगकेम चुकवून कोणी समुद्र ओलांडत नाही. आईपुढे तिने तो केला. बाप संध्याकाळी रस्त्यावरून परतला तेव्हा ती केंद्रात परतायला पिशवी घेऊन दारातच उभी होती.

"बापाक, बसा ना जरा."

"हेल्मेट घालून कसला सुंगकेम? विमानाला बसण्याआधी करू की. मी येणारच आहे सोडायला."

खरं तर तो लाजला होता. लेकीचं कपाळ मांडीवर टेकलं की आपल्याला रडू येईल, आणि गाडी काढून उभा असलेला तिचा मामा ते पाहील, एवढीच त्याची अडचण होती. एवढ्याशा लाजेपायी माणूस किती मोठी गोष्ट पुढे ढकलतो.

मग केंद्राने तारीख अलीकडे ओढली. मुलींना सकाळी सांगितलं आणि दुपारी मिनीबसमध्ये बसवलं. जकार्ताला जाणारी ती बस सेमारांगवरूनच जात होती. अड्ड्यापासून दोन किलोमीटरवरच्या पेट्रोलपंपावर ती थांबली, आणि विगातीने बापाला फोन लावला. एकदा, दोनदा, चारदा. मग मेसेज टाकला: बापाक, कालिगावेच्या पंपावर आहोत. ड्रायव्हर दहा मिनिटं थांबतो म्हणतोय. या ना. इथेच करते सुंगकेम. शेवटचा मेसेज दोनच शब्दांचा होता: निघालो, बापाक.

त्या वेळी केतापांगखाली डाव ऐन रंगात होता. मार्गोनोची टोळी एका पायरीवरून वरच्या पायरीवर चढणार होती. फोन हातात तापला होता, तापलेल्या लेकराच्या कपाळासारखा, आणि पडद्यावर काहीही उमटलं नाही. पाऊणशे पावलांवर रुग्णवाहिका ओरडत आत शिरली तीही त्याला ऐकू आली नाही. डाव संपला, सोनेरी अक्षरांत 'विजय' झळकलं, तोहिरने त्याच्या पाठीत थाप मारली. मग खेळ मिटला आणि झोपवून ठेवलेलं सगळं एकदम जागं होऊन पडद्यावर कोसळलं.

तो पंपावर पोचला तेव्हा तिथे ओल्या सिमेंटवर चाकांचे दुहेरी पट्टे होते आणि एक माणूस पाइप धरून तेही धूत होता. त्याने तिला फोन लावला. बंद होता. मुलींचे फोन बसमध्येच गोळा करून घेतात, पोचल्यावर परत देतात, हे त्याला माहीत होतं, तरी तो लावत राहिला. पोचल्यावर विगातीने फोन केला तो आईला. "सुखरूप आहे," सुमिराहने सांगितलं होतं. "जिला सांभाळायचं ती आजी बरी आहे म्हणाली. खोलीला खिडकी आहे म्हणाली."

एकच विचार त्याला नऊ दिवस पोखरत होता. त्या वीस मिनिटांत एखादी ऑर्डर आली असती तर तो डाव टाकून उठला असता. तोहिरने चार शिव्या दिल्या असत्या, त्या ऐकून उठला असता. अनोळखी माणसाला बाजारातून घरी न्यायला तो उठला असता.

"आण इकडे," तोहिरने आता फोन हातात घेतला. तोही बाप होता, त्याला फार सांगावं लागलं नाही. "हे बघ. सेटिंग, मग हे, मग खाली. बघ, केवढं दुकान मांडलंय पोरीने."

पडद्यावर यादी होती. मार्गोनोने फोन परत घेतला आणि एकेक बटण स्वतःच्या बोटाने बंद करू लागला. पूर्ण ताकद: बंद. पडद्याचा वाढीव वेग: बंद. स्पर्शाची वाढीव जाण: बंद. मागची अ‍ॅप मिटवणं: बंद. प्रत्येक वेळी फोन विचारी, यामुळे खेळ मंदावेल, नक्की ना? प्रत्येक वेळी तो मनात हो म्हणून मग बोट टेकवी, देवापुढे उभा असल्यासारखा.

मग ती ओळ आली. 'खेळताना कॉल नकोत.' तिच्याखाली छोटी अक्षरं: वगळलेली नावं, दोन.

"दोन?" तो पुटपुटला.

त्याने ती उघडली. पहिलं नाव ऑर्डरच्या अ‍ॅपचं होतं, समोरचं बटण हिरवं. दुसरं नाव विगातीचं होतं. समोरचं बटण राखाडी.

म्हणजे तिने ऐकलं नव्हतं. नको म्हटलं तरी तिने उंबऱ्यावर बसून आपलं नाव त्या यादीत घातलं होतं. बापाच्या फोनमध्ये एक दार आपल्यापुरतं किलकिलं ठेवून ती गेली होती. मग ते लावलं कोणी?

आठवायला वेळ लागला नाही. रमजानच्या महिन्यात, उपास सुटायची वाट बघत ते असेच खेळत बसले होते. ऐन झटापटीत पडद्यावर तिचं नाव आडवं आलं, केंद्रातून फोन होता, आणि त्या एका क्षणात मार्गोनोचा योद्धा पडला, पाठोपाठ डावही. तोहिरने त्याच्या सात पिढ्या उद्धरल्या. नंतर पडद्यावर एक चौकोन आला होता: खेळताना या नंबरचे कॉल दाखवत राहू? त्याने 'नको' दाबून तो चौकोन माशी हाकलावी तसा हाकलला होता. ते अंगठ्याने केलं, मी नाही, असं तो क्षणभर स्वतःला सांगू पाहत होता. पण अंगठा त्याचाच होता, आणि आत्ताही तिथेच, त्या राखाडी बटणावर, टेकला होता.

तोहिरने वाकून पाहिलं. त्यालाही तो डाव आठवला असावा.

"मास," तो म्हणाला, "तिचं बटण हिरवं कर. झालं. बाकी कशाला बंद करतोस? खेळही राहील, पोरगीही राहील."

"तसंच होतं की. तिने तसंच ठेवलं होतं."

"मग?"

ते बटण आता हिरवं करणं म्हणजे पंपावरचे पट्टे धुणाऱ्या माणसासारखं होईल, असं काहीसं मार्गोनोला वाटलं; पण हे ओट्यावर बोलण्यासारखं नव्हतं. त्याने मागे जाऊन सगळ्यात वरचं, मुख्य बटण दाबलं. फोन म्हणाला, मोड काढून टाकल्यास तुमच्या अकराशे सेहेचाळीस तासांच्या खेळाची नोंद पुसली जाईल. त्याने ते दोनदा वाचलं. अकराशे सेहेचाळीस तासांतून दहा मिनिटं वेगळी काढून मिळत नव्हती. त्याने हो म्हटलं.

"गेला," बाग्यो म्हणाला. "आता मासचा योद्धा म्हशीसारखा चालणार."

"चालेल," मार्गोनो म्हणाला, आणि हेल्मेट घेऊन उठला.

तो शनिवार होता. विगाती रविवारी दुपारी आईला फोन करणार होती, तिथली आजी जेवून झोपली की. तिकडचे तीन म्हणजे इकडचे दोन. रविवारी मार्गोनो कामाला गेला नाही. त्याने अंघोळ केली, ईदला घालायचा बाटिकचा सदरा घातला आणि पुढच्या खोलीत वेताच्या खुर्चीवर बसला. फोन उजव्या मांडीवर ठेवला. इतकी वर्षं हातात धगधगणारा तो फोन आता पाटीच्या दगडासारखा थंड होता. आवाज शेवटपर्यंत वाढवलेला आहे ना, हे त्याने तीनदा पाहिलं.

मागच्या अंगणात सुमिराह उकडलेलं सोयाबीन केळीच्या पानांत बांधत होती. त्याचं टेंपे मुरायला दोन दिवस लागतात. हवेने आपलं काम करावं आणि माणसाने पान उघडून बघू नये, एवढंच त्यात असतं. पानांची सळसळ त्याला इथवर ऐकू येत होती. हल्ली त्याला सगळंच ऐकू येत होतं.

दोन वाजून सहा मिनिटांनी फोन वाजला. अंगणात.

तो जागचा हलला नाही. सुमिराहचा आवाज ऐकत राहिला: जेवलीस का, थंडी आहे का, स्वेटर घालतेस ना, आजी चिडत नाही ना. मग पावलं जवळ आली. "पाकने," अहो म्हणावं तशी हाक मारत तिने ओल्या हाताने फोन पुढे धरला, "बोला."

"बापाक," विगातीचा आवाज आला, जवळून, खिडकी असलेल्या त्या खोलीतून. "आज डाव नाही?"

त्यात टोमणा नव्हता. टोमणा असता तर तो धरून त्याला काही बोलता आलं असतं.

"बंद केलं ते," तो म्हणाला. "सगळं. कालच. आता फोन वाजतो."

"का हो? तुमचा फोन मंद होईल."

"होऊ दे, न्दुक. यादीत तुझं नाव पाहिलं मी."

"ते जुनं झालं, बापाक," ती हलकेच म्हणाली.

"मग माझ्या फोनवर का नाही लावलास?"

"लावणार होते. नंबर काढलाही. मग बोट आपोआप आईच्या नावावर गेलं." ती थोडं हसली. "तुम्ही खेळत असाल असं वाटलं. सवय झाली."

त्याला म्हणायचं होतं की त्या पंपावर मी आलो होतो. की जाण्याआधी जे राहिलं ते माझ्यामुळे राहिलं. की क्षमा लेकरानेच मागायची हा रिवाज ज्याने घातला त्याला बाप म्हणजे काय ते ठाऊक नसावं. त्याच्या तोंडून निघालं ते एवढंच: "एकदा माझ्यावर लाव. बोलायचं नाही काही. नुसता वाजू दे."

"आत्ता?" मागे कोणीतरी म्हातारं, चिरकं, त्याला न कळणाऱ्या भाषेत हाक मारत होतं. "आजी उठली, बापाक. ठेवते. पुढच्या रविवारी."

त्याने सुमिराहचा फोन तिला परत दिला. ती अंगणात गेली आणि पानांची सळसळ पुन्हा सुरू झाली.

तो खुर्चीतच बसून होता. मघाशी गुडघे जुळवून, पाठ ताठ करून बसला होता तसाच, सुंगकेम घ्यायला बसलेल्या बापासारखा. ऊन उंबऱ्यावरून आत सरकलं. विगाती बसायची ती जागा उजळली.

मग मांडीवरचा फोन थरथरला आणि वाजला, एकदाच, पुरता एकदाही नाही, आणि थांबला. पडद्यावर तिचं नाव होतं. त्याने तो उचलला नाही. दोन्ही तळवे त्याच्यावर ठेवले, लेकीच्या केसांवर ठेवावेत तसे, आणि ओठांतल्या ओठांत आशीर्वादाचे शब्द म्हणायला सुरुवात केली. शब्द संपेपर्यंत पडदा तळव्यांखाली विझून गेला होता.