पाच वर्षं, पावणेसात फूट

शपथेवर सांगतो, यातला शब्दन् शब्द खरा आहे. फक्त हे सगळं घडलं तेव्हा मी कंबरेपर्यंत चिखलात होतो, त्यामुळे खालच्या बाजूचं काही इकडचं तिकडे झालं असेल तर सांभाळून घ्या. वरच्या बाजूचं सगळं पक्कं. जवळजवळ सगळं.

मी दरवाजा बोलतोय.

हसू नका. तुम्हाला समोर रस्त्याला टेकलेली एक बुटकी खिडकी दिसतेय, हे मलाही माहीत आहे. पण मी जन्मानं दरवाजा. चांगला आठ फुटी, सागवानी, पितळी कडीचा. माझी चौकट अजून अख्खी आहे, फक्त तिचा निम्म्याहून जास्त भाग तुम्ही उभे आहात त्या रस्त्याच्या खाली आहे. तुम्ही जवळपास माझ्या पोटावर उभे आहात. राहू द्या, सवय झालीय.

सुतारानं मला या गल्लीतल्या बाइंडरसाठी बनवलं. बाइंडर म्हणजे वह्या-पुस्तकं बांधणारा माणूस. आत त्याचं दुकान, वर राहायची जागा. आत शिरलं की खळीचा वास, पुठ्ठ्यांची चवड, कोपऱ्यात लोखंडी दाबयंत्र, आणि मधे तो स्वतः, तोंडात दोरा धरून. तोंडात सतत दोरा असल्यामुळे तो फार कमी बोलायचा. त्याची बायको म्हणायची, "लग्नाला दहा वर्षं झाली, मी अजून यांचं पूर्ण वाक्य ऐकलं नाही."

मी बाहेरच्या बाजूला उघडायचो. आत चवडी असायच्या ना, जागाच नव्हती. ही गोष्ट लक्षात ठेवा. मी तर विसरूच शकत नाही.

त्याला दोन मुलं. मोठा दादा आणि धाकटी. दरवर्षी शाळेच्या वह्यांचं काम सुरू व्हायच्या आदल्या दिवशी बाइंडर दोघांना माझ्या चौकटीला पाठ लावून उभं करायचा, बाहेरून, उंबऱ्यावर. डोक्यावर आडवी पट्टी ठेवायचा आणि पुठ्ठ्याला भोकं पाडायच्या टोच्यानं लाकडावर रेघ कोरायचा. बाजूला नाव आणि वय. मला गुदगुल्या व्हायच्या, पण दरवाजानं हसायचं नसतं, नाहीतर लोक तेल घालतात.

दादा दरवर्षी टाचा उचलायचा.

"टाचा."

"खालीच आहेत, बाबा."

"मग कागद कसा खालून?"

कारण बाइंडर टाचेखालून वहीचं पान सरकवून बघायचा. दादा आठ वर्षांचा झाला त्या वर्षी पान अडकलं, तेव्हा कुठे रेघ मारली गेली. 'दादा ८.' चार फुटाला बोटभर कमी. ते बोटभर त्याला फार लागलं. "पुढच्या वर्षी बघा," म्हणाला, "मी कडीच्या वर जाणार." शेजारी 'धाकटी ४', बरोबर तीन फुटांवर. ती पान सरकवायच्या आधीच आडवी झाली होती, म्हणून तिला दोनदा मोजावं लागलं.

पुढचं थोडक्यात सांगतो.

तीन दिवस पाऊस होता. चौथ्या दिवशी दुपारी दादा समोरच्या घड्याळजीकडे डिंकाची बाटली परत द्यायला गेला. तेवढ्यात मागच्या डोंगराकडून आवाज आला, शंभर गाड्या खडी एकदम ओतल्यासारखा. मग गल्लीच्या वरच्या टोकानं चिखल आला. लोकांना वाटतं चिखल धावत येतो. तो चालत आला, घाई नसलेल्या पाहुण्यासारखा, आणि प्रत्येक दारापाशी थांबून थोडा थोडा चढत गेला.

दादा पळत माझ्याकडे आला. तोवर माझ्यापुढे हातभर चिखल साचला होता. मी बाहेर उघडणारा. आतून बाइंडरनं खांदा लावला, त्याच्या बायकोनं लावला. मी हललो नाही. दादानं दोनदा ठोकलं. म्हणाला, "बाबा, उघडत नाही." अगदी साध्या आवाजात, डब्याचं झाकण उघडत नाही म्हणावं तसं. मग तो गल्लीच्या खालच्या टोकाकडे पळाला.

मला आयुष्यात एकच काम शिकवलं होतं.

चिखल साडेतीन फुटांवर थांबला आणि वाळून दगड झाला. सगळं शहर उपसायचं कुणाच्या अंगात बळ नव्हतं. त्यांनी वरून माती सपाट केली, खडी टाकली आणि त्यावरच नवीन रस्ता केला. गल्ली साडेतीन फूट वर गेली, घरं होती तिथेच राहिली. बाइंडरनं मात्र चार महिने बादल्या भरभरून दुकानातला चिखल वर काढला. सुतार आला, त्यानं मला रस्त्याच्या पातळीवर आडवा कापला. खालचा तुकडा जागच्या जागी खिळला, त्यामागे विटांची भिंत घातली, वरच्या तुकड्याची खिडकी केली. जायला-यायला वरच्या मजल्यातून जिना. दुकानाला उजेड आणि वारा फक्त माझ्यातून.

मग वह्यांचा हंगाम आला. आदल्या दिवशी बाइंडर धाकटीला घेऊन बाहेर आला आणि सवयीनं तिला माझ्या चौकटीला उभं केलं. उंबरा आता जमिनीखाली होता, ती नव्या रस्त्यावर उभी राहिली. त्यानं पट्टी ठेवली, रेघ मारली, 'धाकटी ५' लिहिलं. ती रेघ उंबऱ्यापासून पावणेसात फुटांवर पडली.

बायको बघत होती. म्हणाली, "अहो, पोर एका वर्षात पावणेचार फूट वाढली का?"

बाइंडरनं तोंडातला दोरा काढला. "वाढू दे," म्हणाला. "दोघांचं तिलाच वाढायचंय."

एवढं एक पूर्ण वाक्य मी त्याच्याकडून ऐकलं. दहाव्या वर्षी धाकटीचं डोकं चौकटीच्या माथ्याला भिडलं आणि मोजणं थांबलं.

चिखल का आला याची कारणं लोकांनी नंतर सावकाश शोधली. घड्याळजीची बायको सांगायची, डोंगराखाली एक म्हातारी झोपलीय, तिनं कूस बदलली. म्हणून या गल्लीत आजही कुणी मोठ्यानं शिंकत नाही. बऱ्याच वर्षांनी एक इतिहासाचे प्राध्यापक आले. ते म्हणाले, डोंगराच्या पायथ्याची खाण आणि तीन दिवसांचा पाऊस. त्यांनी जाड पुस्तक लिहिलं, त्यात आमच्या गल्लीला अकरा ओळी. दोघांनीही मला काही विचारलं नाही. मी तिथेच होतो.

दिवस मात्र छान होते हो ते. धाकटी मोठी झाली, बापाच्या जागेवर बसली. तिच्याही तोंडात दोरा. माझ्यातून आत फक्त कमरेखालचा माणूस दिसतो, तर ती पायांवरून गिऱ्हाईक ओळखायची. "आला बघा, पुस्तक नेऊन परत न देणारा," ती म्हणायची, आणि खरंच वाचनालयाचे कारकून असायचे. लग्न ठरल्यावर माणसं हळू चालतात, मोडल्यावर भरभर, हे मी तिच्याकडून शिकलो. दर आठ-दहा वर्षांनी रस्त्यावर नवीन डांबर पडायचं, जुनं कुणी खरवडायचं नाही. रस्ता चार बोटं वर यायचा आणि सुतार माझी चार बोटं कापून न्यायचा. सुतार मेला, त्याचा मुलगा आला. मी कमी होत गेलो, तरी उजेड पुरत होता.

गेल्या वर्षी रस्ते खात्याचा साहेब आला. धाकटी आता त्र्याहत्तर वर्षांची. साहेब माझ्यासमोर वाकला आणि आत बघून ओरडला, "आजी, इथे पाणी साचतं! रस्ता तीन फूट उचलतोय!"

"मग माझी खिडकी?"

"बुजणार. बल्ब लावा ना एक मोठा."

"बल्बाखाली पांढरा दोरा आणि पांढरा कागद एकसारखे दिसतात, साहेब. सुई कुठे घालू, बोटात? आणि वारा नसला की खळ वाळत नाही, आठवड्यात बुरशी येते वह्यांना."

"आजी, या वयात आता आराम करायचा."

"तुम्ही करताय तो पुरे आहे की."

साहेब हसला नाही. त्याची माणसं गटारासाठी माझ्यालगत चर खणून गेली. अडुसष्ट वर्षांनी माझ्या उंबऱ्याला हवा लागली. काय सांगू! तुमचा पाय अडुसष्ट वर्षं झोपला आणि एकदम जागा झाला तर कसं वाटेल, तसं.

आणि तेव्हा व्हिडिओवाला आला.

हा पोरगा जुन्या इमारतींच्या अर्ध्या गाडलेल्या खिडक्या दाखवत फिरायचा. त्याचं म्हणणं, एके काळी सगळ्या जगावर चिखलाचा पूर आला, त्याखाली एक अख्खी मोठी संस्कृती गाडली गेली, आणि हे आपल्यापासून लपवलंय. कुणी लपवलंय, ते तो पुढच्या व्हिडिओत सांगणार असायचा. तो चरात उतरला, उंबऱ्याला टेप लावली, वर वर आला, आणि त्याचा आवाज चिरकला.

"मित्रांनो! वय पाच वर्षं! उंची पावणेसात फूट!"

चर खणणारा एक मजूर म्हणाला, "आणि खाली चार वर्षांची असताना तीन फूट. म्हणजे चिखल नव्हता तो. खत होतं."

दोन दिवसांत गल्ली भरली. राक्षसांचं पाळणाघर म्हणाले मला. एकानं माझ्या कडीला नमस्कार केला. साहेब घाबरला, काम थांबलं. व्हिडिओवाला जिना उतरून धाकटीकडे गेला आणि हळू आवाजात म्हणाला, "आजी, मला कळतंय तुमची अडचण. लोक असेच येत राहिले तर रस्ता उचलणार नाहीत. खिडकी वाचेल. तुम्ही फक्त काही बोलू नका."

"खोटं बोलायचं?"

"छे! फक्त गप्प राहायचं."

ती रात्रभर नाही, अर्धा तास विचार करत होती. बाइंडर लोक तसे भराभर ठरवतात, खळ वाळते ना. मग ती वर आली. थेट प्रक्षेपण सुरू होतं, साहेबही उभा होता. ती माझ्या चौकटीपाशी आली आणि रेघेवर बोट ठेवलं.

"ही धाकटी म्हणजे मी."

ती जेमतेम पाच फूट, पाठीत वाकलेली.

व्हिडिओवाल्याला घाम फुटला. "आजी... तुम्ही पाच वर्षांच्या असताना पावणेसात फूट होता?"

"होते."

"मग आता?"

"आटले."

लोक हसायचे सोडून माना डोलवायला लागले. मजुराला मात्र चरात बसून घ्यावं लागलं. तेवढ्यावर थांबली असती तर मी आणि ती दोघं सुखात होतो. मलाही वाटत होतं, बाई, थांब. पण व्हिडिओवाल्यानं कॅमेरा खाली चरात वळवला.

"आणि हा बघा, दादा आठ! याच्या पुढच्या रेघाच नाहीत. हा कुठे गेला? याला कुणी लपवलं?"

तिनं तोंडातला दोरा काढला.

"लपवला नाही रे बाळा. गेला तो. हे दार बाहेर उघडायचं आणि बाहेर चिखल होता. मी आतल्या जिन्यावर उभी होते, मला त्याचा आवाज आला. पुढच्या वर्षी मी नवीन रस्त्यावर उभी राहिले, बाबांनी तशीच रेघ मारली. एवढंच आहे सगळं. मला राक्षस म्हण, माझं काही जात नाही. त्याला नको करू. चार फुटाला बोटभर कमी होता. त्याला ते फार लागलं होतं."

व्हिडिओवाल्यानं फोन खाली केला. खरंच केला, एवढं त्याच्या बाजूनं सांगायलाच हवं. साहेबानं रुमाल काढला, नाक पुसलं आणि म्हणाला, "म्हणजे विशेष काही नाही. उद्यापासून काम सुरू."

गर्दी पांगली. संध्याकाळी ती माझ्या उजेडात शेवटची म्हणून एक वही शिवायला बसली. मला एवढंच वाटलं, की निदान या वेळी मी बुजणार ते तिच्या दादाचं नाव राखून.

पण माणसं फार गमतीशीर असतात. रात्रीतून त्या व्हिडिओखाली साडेचार हजार लोकांनी लिहिलं, म्हातारीला पढवलंय. बघा कशी रडली, सरकारी रडणं आहे हे. आणि उद्याच काम सुरू करतायत, म्हणजे पुरावा पुरतायत! सकाळी खात्याच्या दारात लोक, वरून फोन. साहेब धापा टाकत आला.

"आजी, आता रस्ता उचलला तर मी पुरावा पुरला असं होईल हो!"

"मग नका उचलू."

"पाणी साचतं त्याचं काय?"

"ते इथे नाहीच साचत. तुमच्या बंगल्यासमोर साचतं. मी पाय बघते ना रोज, ओले कुठून येतात ते कळतं."

साहेबानं रस्ता बंगल्याकडून उतरता केला आणि माझ्यासमोर उंबऱ्यापर्यंत एक खड्डा तसाच ठेवून त्यावर जाळी बसवली. कागदावर कारण लिहिलं: तांत्रिक.

तर असा मी आहे. थोडा दरवाजा, थोडी खिडकी, बराचसा रस्ता. खालची फळी कुजलीय, एक बिजागरी गेलीय. जाळीतून ऊन थेट 'दादा ८'पर्यंत पोचतं, दुपारी वीसेक मिनिटं. ती तेवढा वेळ काम थांबवून वर येते, टेकून उभी राहते आणि त्याला कुठल्या शाळेची ऑर्डर आली ते सांगते. मीही ऐकतो. मी उघडाच असतो आता, वारा असो, पाऊस असो. कडी लावायला कुणी आलं तर अडकून बसतो.

चला, झालं. ऐकायला सगळे येतात आणि मग "छान, छान" करून निघतात. तुम्ही मात्र पाऊण तास माझ्या बरोबर मधोमध उभे आहात. म्हणजे पाऊण तास आत अंधार आहे, आणि एक बाई सुई हातात धरून तुमच्या बुटांकडे बघत बसलीय. पाऊण तासात तिची एक वही होते. ती वही तुम्ही घ्यायची. दोनशे पानी, किंमत मागच्या पानावर आहे, घासाघीस चालत नाही. जिना डाव्या हाताला. आणि सुटे काढा, तिच्याकडे नसतात.