मागे बघायचं नाही

कॉलेजच्या बास्केटबॉल टीममध्ये मला घेतलं ते उंचीमुळे. खेळ बेताचा, पण आवाज खणखणीत, आणि आमच्याकडे त्यालाच किंमत होती. बचाव करताना बास्केटखाली उभी असलेली पोरगी सगळ्यांत मागे असते, सगळं कोर्ट तिला दिसतं. म्हणून बोलायचं तिनंच. पुढच्या चौघींनी नुसतं ऐकायचं आणि पळायचं. वळून खात्री करत बसलं की समोरची निसटलीच, म्हणून मागे बघायचंच नाही, हा आमच्या कोच मॅडमचा नियम. जी बघेल तिनं हॉलला फेऱ्या मारायच्या. पहिल्या वर्षी पुढे खेळताना मी इतक्या मारल्या, की शिपाई मला घाण्याचा बैल म्हणायचा.

मी सीनिअर झाले त्या वर्षी भिंगरी आली. अंगानं काडी, पण चेंडू घेऊन अशी गरकन वळायची की समोरचीला चक्कर यावी. घरी आईचं इस्त्रीचं दुकान. आईनं बजावून पाठवलं होतं, की हे वर्ष खेळून घे, विद्यापीठाच्या टीममध्ये निवड झाली तर पुढचं बघू, नाहीतर दुकानात उभी राहा. आई वाईट नव्हती. तिचे खांदे गेले होते, एवढंच.

पहिल्याच सामन्याआधी माझा घसा बसला. साफ बसला, तोंड उघडलं की नुसती हवा. दुसरी उंच पोरगी नव्हती, म्हणून मॅडमनी मलाच उतरवलं. बाकीच्या तिघी आंधळ्या कोशिंबिरीसारख्या चाचपडत होत्या. भिंगरी मात्र कुणीतरी सांगितल्यासारखी नेमकी जागेवर पोचत होती. सामना संपल्यावर पाणी पिता पिता म्हणाली, ताई, आज काय छान बोललीस गं, अगदी कानाशी. मी गळ्याकडे बोट दाखवलं. तिला वाटलं मी थट्टा करतेय, ती हसत सुटली.

आवाज परत आल्यावरही तेच. मी उजवीकडे म्हणायचे, ही डावीकडे जायची, आणि चेंडू डावीकडेच यायचा. मला राग यायचा. चांगली सीनिअर मी, आणि कालची पोर मला विचारत नाही. मग एकदा सरावात मला ते ऐकू आलं. लाकडी फरशीवर बूट घासल्याचा चिर्रकन आवाज, माझ्या मागे. माझ्या मागे भिंत होती, दुसरं काहीही नव्हतं.

मी मॅडमना सांगितलं. त्यांनी एवढंच विचारलं, की भिंगरीला नेमकं काय ऐकू येतं. मी तिला खोदून विचारलं होतं, तेच सांगितलं.

"राणी, डावीकडे. राणी, उजवीकडे. दर वेळी आधी राणी."

मॅडम बाकावर बसल्या. मग तुटक तुटक बोलत गेल्या. त्या खेळायच्या तेव्हा हा नियम होताच, आणि नियमाला एक खोडीही जोडलेली होती. सरावात मागची मुद्दाम म्हणायची, "मागे बघ." जी फसून बघेल तिला फेऱ्या, वर सगळ्यांचं हसू. मॅडमच्या मागे त्यांची जिवलग मैत्रीण खेळायची, ती त्यांना लाडानं राणी म्हणायची. याच हॉलमधल्या एका सामन्यात ती म्हणाली, राणी, मागे बघ. मग पुन्हा म्हणाली. पुन्हा म्हणाली.

"मला वाटलं, भर सामन्यात खोडी काढतेय," मॅडम म्हणाल्या. "मी फसले नाही. आम्ही जिंकलो. शिट्टी झाल्यावर वळले, तर ती बास्केटखाली पडलेली. हृदय बंद पडलं होतं."

खोडी त्या दिवसापासून बंद झाली. नियम मात्र त्यांनी ठेवला. का ठेवला, असं मी विचारलं, तर म्हणाल्या की नियमात खोट नव्हती. दगडावर डोकं आपटावं तसं मला झालं. वर त्यांचं म्हणणं, निवड होईपर्यंत पोरीला काही सांगू नकोस. मी त्याच दिवशी सांगितलं. भिंगरी घाबरली नाही. बुटाची नाडी बोटाला गुंडाळत म्हणाली, बिचारी, मला तर तिनं एकदाही फसवलं नाही.

निवडीचा सामना आमच्याच हॉलमध्ये झाला. निवड करणारे भिंतीशी खुर्च्या टाकून बसले होते, आणि भिंगरीवरून त्यांची नजर हलत नव्हती. शेवटची काही मिनिटं, गुण बरोबरीत. समोरची चपळ पोरगी चेंडू घेऊन आली, भिंगरी तिच्यासमोर ठाकली. माझ्या मागची बुटांची घासघास एकदम थांबली. भिंगरीची मान ताठ झाली. मला काहीच ऐकू आलं नाही, पण ती काय ऐकतेय ते कळलं. मी ओरडले, बघू नकोस.

ती वळली. माझ्याकडे नाही, माझ्या कोपराखालून पलीकडे तिनं बघितलं. समोरची तिला ओलांडून गेली आणि तिनं चेंडू बास्केटमध्ये टाकला. भिंगरी चालत बास्केटखाली आली, गुडघे टेकले आणि फरशीवर, कुणाच्या कपाळावर ठेवावा तसा, हात ठेवला.

"बघितलं गं," ती म्हणाली. "बघितलं मी."

आम्ही हरलो. निवड झालेल्यांत भिंगरीचं नाव नव्हतं. हॉल रिकामा झाला तरी ती तिथंच बसून ढसाढसा रडत होती, आणि मीही रडले, उगाच कशाला लपवू. कान ओस पडलेत ताई, असं ती म्हणत राहिली.

मॅडम आल्या आणि तिच्याशेजारी खाली बसल्या. शिट्टी मुठीत आवळलेली. मी त्यांना तसं कधी पाहिलं नव्हतं.

"ती माझ्याबद्दल काही म्हणाली का?"

भिंगरीनं डोळे पुसले. खोटं बोलून मोकळी हो, असं मी मनात म्हणत होते.

"नाही मॅडम. तुम्ही समोर बाकावरच होता. पण तिनं तुमच्याकडे बघितलंच नाही."

भिंगरीनं बूट पिशवीत टाकले आणि ती आईच्या दुकानाकडे निघाली.