पाळकांचा घसा बसला त्या रविवारी

"अहो, बोला ना काहीतरी!" पाळकबाई स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाल्या.

पाळकसाहेबांनी तोंड उघडलं. गंजलेल्या बिजागरीसारखा आवाज आला, आणि तोही अर्ध्यावरच विरला.

पाळकबाईंनी त्यांच्या घशावर तळवा ठेवला. आधी काळजी वाटली, मग हसूच फुटलं. "एकतीस वर्षांत पहिल्यांदा शेवटचा शब्द माझा!"

पण नऊला उपासना होती, हसण्यावारी नेऊन भागणार नव्हतं. पाळकसाहेब रविवारी शहरातल्या जुन्या चर्चमध्ये उपदेश करत आणि आठवडाभर सेमिनरीत होतकरू पाळकांना तो कसा करावा हे शिकवत. त्यांच्या लाल पेन्सिलीपुढे भल्याभल्यांची गाळण उडे. सगळ्यात जास्त सिस्टरची. सव्वीस वर्षं इस्पितळात नर्स म्हणून काढून, निवृत्तीनंतर ती सेमिनरीत दाखल झाली होती. साहेबांनी तिला उपदेशाच्या परीक्षेत दोनदा नापास केलं होतं. "बाई, हा उपदेश आहे की रजेचा अर्ज?" असं भर वर्गात विचारलंही होतं. तिसऱ्यांदा नापास म्हणजे गाशा गुंडाळायचा.

अनुभवासाठी म्हणून ती दर रविवारी याच चर्चच्या दारात उभी राहून गीतांची पुस्तकं वाटायची. आज तिच्याशिवाय कोणी नव्हतं. साहेबांनी टाइप केलेली चौदा पानं तिच्या हातात दिली आणि चिठ्ठीवर लिहिलं, 'फक्त वाचा. दुसरं काही करू नका.'

मग ते तिसऱ्या बाकावर बायकोशेजारी जाऊन बसले. लग्न झाल्यापासून असे ते कधी बसलेच नव्हते. बाक इतका टणक आहे हेही आजच कळत होतं.

सिस्टरने वाचायला सुरुवात केली. बायबलमधला भाग होता पांगळ्या माणसाचा. त्याचे चार मित्र त्याला बाजेसकट उचलून आणतात, दारात गर्दी म्हणून छप्पर उकरून खाली येशूपुढे सोडतात, आणि तो बरा होतो. साहेबांनी मूळ ग्रीक वचनातल्या एका क्रियापदावर तीन पानं खर्च केली होती. दुसऱ्या पानावर मागच्या बाकावरून जांभई ऐकू आली. चौथ्या पानावर सिस्टर थांबली.

"सर, माफ करा," ती म्हणाली. "मला हे कळत नाहीये, तर यांना काय कळणार?"

साहेबांनी डोळे मिटून घेतले. झालं! बुडालं!

"मी आयुष्यभर माणसं उचलली," सिस्टर म्हणाली. "लिफ्ट बंद असली की जिन्यानेसुद्धा. बरा झालेला माणूस उड्या मारत घरी गेला, हे सगळे सांगतात. त्या चौघांच्या पाठीचं काय झालं, हे कोणी विचारत नाही! मी सांगते. दुसऱ्या दिवशी चौघेही आडवे!"

चर्चमध्ये हशा पिकला. पाळकबाई तर पदर तोंडाला लावून गदगदत होत्या. साहेबांनी चमकून पाहिलं. आपल्या उपदेशाला ही कधी अशी हसली होती?

"पण ते निदान चौघे होते," सिस्टरचा आवाज खाली आला. "ज्याला एकट्यालाच उचलावं लागतं त्याने काय करायचं? मी दारात उभी असते. कमरेला हात लावून बसणारी माणसं मला लांबून ओळखू येतात."

तिने कोणाकडे पाहिलं नाही. पण घड्याळदुरुस्तीचं दुकान चालवणाऱ्या, म्हणून सगळे घड्याळजी म्हणत त्या बाकाच्या टोकाला बसलेल्या गृहस्थांनी कमरेवरचा हात हळूच मांडीवर घेतला. मग रुमाल काढला. त्यांची बायको सहा वर्षं अंथरुणाला खिळलेली होती. साहेब दर रविवारी त्यांच्याशी हस्तांदोलन करून "कसं काय?" विचारत, आणि ते "ठीक" म्हणत. दोघांचंही तेवढ्यावर भागत होतं.

पहिली उठली ती बेकरीवाली. "घड्याळजी, वहिनींना उचलायला सोमवारी मी येते." मग शाळेचा शिपाई. "बुधवार माझा." उपासनेत असं मध्येच कोणी बोलत नसे. साहेबांना वाटलं, आपणही उठावं. पण आवाज कुठे होता? त्यांनी उभं राहून दोन बोटं वर केली.

"दोन वाजता?" कोणीतरी विचारलं.

"मंगळवार म्हणतायत ते," पाळकबाई म्हणाल्या. "आठवड्याचा दुसरा दिवस!" आणि पुन्हा हशा उसळला.

मंगळवारी दुपारी साहेब तीन जिने चढून घड्याळजींच्या घरी गेले. शिकवायला सिस्टर आधीच हजर होती. घड्याळजी कितीतरी दिवसांनी दिवसाउजेडी दुकानात जायच्या तयारीत होते.

"गुडघे वाकवा सर, पाठ नाही. हं. आता त्यांचा हात तुमच्या खांद्यावर."

पहिल्या खेपेला जमलं नाही. दुसऱ्या खेपेला आजारी बाईच म्हणाल्या, "घाबरू नका हो, मी काचेची नाही." तिसऱ्यांदा त्या उचलल्या गेल्या आणि खिडकीजवळच्या खुर्चीत टेकल्या. साहेब घामाघूम झाले होते आणि लहान मुलासारखे खूश दिसत होते. बाईंचा तोल जाऊ नये म्हणून त्यांनी पाठीमागे हात धरून ठेवला.

खाली रस्त्यावर घड्याळजी पलीकडच्या बाजूला जात होते.

"ते बघा, आमचे हे! स्वेटर उलटा घातलाय," बाई हसल्या. मग काचेला कपाळ टेकवून ते कोपऱ्यावर वळेपर्यंत पाहत राहिल्या.

"सहा वर्षांत त्यांना रस्त्याने चालताना पाहिलंच नव्हतं," त्या म्हणाल्या. "म्हातारे झाले की हो."