आठ बाय चारचं पोकर टेबल

माझ्या दादाने आयुष्यात एकही गोष्ट शेवटाला नेलेली नाही. त्याच्या या एका गुणावर भरवसा ठेवून मी गप्प बसले होते. आज ते आठवलं की त्याची येते त्याहून जास्त किळस मला माझी येते.

घर अप्पांचं, म्हणजे आमच्या वडिलांचं. सुतारकाम करून त्यांनी एकेक खोली वाढवत नेलेलं. पुढची खोली सगळ्यांत मोठी, तिला रस्त्याकडे रुंद खिडकी. दीड वर्षापूर्वी अप्पांची उजवी बाजू गेली तेव्हापासून त्यांची कॉट त्या खिडकीला लावलेली आहे. समोर सायकल दुरुस्तीचं दुकान. तो सायकलवाला पाना कसा चुकीचा धरतो यावर अप्पा दिवसभर मनातल्या मनात भांडत असतात. येणारे-जाणारे हात करतात, अप्पा डावा हात वर करतात. त्यांचं जगणं तेवढंच उरलंय, पण तेवढं चांगलं चाललं होतं.

मी सोफ्याच्या कारखान्यात कापड चढवण्याचं काम करते. राहते तिसऱ्या मजल्यावर, एका खोलीत, आणि जिना असा की सिलिंडरवालासुद्धा दर मजल्याला एक शिवी घालतो. सकाळी आठला बाहेर पडते ती सातला परतते. अप्पांना माझ्याकडे न्यायचा विचार मी शंभर वेळा करून शंभर वेळा सोडलाय. म्हणून दर रविवारी त्यांची दाढी करायला जाते आणि आपण फार काही करतोय अशी समजूत करून घेते.

अशाच एका रविवारी मी अप्पांच्या गालाला साबण लावत असताना दादा फोन नाचवत आला.

"चिमे, हे बघ. घरच्या घरी पोकर टेबल. बाजारात केवढ्याला पडतं माहितीये? आणि हा पठ्ठ्या दोन दिवसांत करतो."

फोनवर एक गुळगुळीत माणूस पांढरा शर्ट घालून लाकूड कापत होता. अप्पांनी एक डोळा उघडून पाहिलं.

"भुसा कुठाय?" ते म्हणाले. आजारपणापासून ते मोजकंच बोलतात, जीभ जड झाल्यामुळे.

"अहो, व्हिडिओ आहे तो," दादा म्हणाला.

"ठेवणार कुठे एवढं धूड?" मी विचारलं.

"इथेच. आठ बाय चार आहे, भोवती खुर्च्या आल्या, दुसरीकडे मावणार कुठे? टेबल झालं की अप्पांना मागच्या खोलीत."

चपलांचा स्टँड हलवावा तशा सुरात बोलला तो. मागची खोली म्हणजे अडगळ. भिंतीला ओल, कोपऱ्यात पाण्याचा पंप आणि उजेडासाठी वहीएवढा झरोका. तळपायाची आग मस्तकात गेली माझ्या.

"झोपूनच तर असतात," दादा म्हणाला. "पुढे झोपले काय न् मागे झोपले काय."

अप्पा ऐकत होते. त्यांची बाजू गेली होती, कान नव्हते गेले. मी वस्तरा खाली ठेवला आणि दादाला जे बोलायचं ते बोलले. तेवढ्यात वहिनीने मला दंडाला धरून स्वयंपाकघरात नेलं.

"कशाला जीव जाळतेस?" ती हळूच म्हणाली. "हा माणूस टेबल पुरं करणार आहे का? माशांची टाकी आठव. गिटार आठव. ती सायकल दोन वर्षं सुटी पडलीये, तिचं हँडल मी टॉवेल वाळवायला वापरते. तू नाही म्हटलंस की त्याला चेव येतो. गप्प बस, महिन्याभरात आपोआप गार पडेल."

मला पटलं. दादा जन्माचा आरंभशूर. टेबल अर्धवट राहिलं की अप्पा खिडकीपाशी राहिले, इतका साधा हिशोब. मी बाहेर येऊन उरलेली दाढी केली.

पुढचे तीन आठवडे त्या खोलीत जे चाललं ते बघून मला अन्न गोड लागेना. काम अंगणात करायचं तर ऊन लागतं, म्हणून दादाने सगळा पसारा अप्पांच्या खोलीतच मांडला. प्लायवुड कॉटच्या कडेला टेकवलेलं. ड्रिल मशीन अंथरुणात, अप्पांच्या निकामी पायाशी, कारण तो पाय हलत नाही आणि मशीन पडत नाही. स्क्रू अप्पांच्या पाणी प्यायच्या पेल्यात. भुसा त्यांच्या पापण्यांवर, औषधाच्या चमच्यात, उशीच्या शिवणीत. खोलीभर सरसाचा वास. दादाचे तीन मित्र 'मदतीला' यायचे, म्हणजे बुटांसकट आत यायचे, वेफर्स खायचे आणि तेलकट बोटं अप्पांच्या चादरीला पुसायचे. त्यांच्यातला एक चष्मेवाला तर अप्पांच्या छातीवरून हात लांबवून खिडकीबाहेर सिगारेटची राख झाडायचा. वर "काका, त्रास नाही ना?" अप्पा डाव्या हाताने पापण्या पुसायचे.

मी दात-ओठ खात भुसा झटकायचे आणि मनात म्हणायचे, होऊ दे, अजून थोडे दिवस.

आणि खरंच घोडं अडलं. टेबल लंबगोल करायचं होतं. दादाने प्लायवुडचं एक टोक जेवणाचं ताट ठेवून आखलं, दुसरं पातेल्याचं झाकण ठेवून. एक टोक ढब्बू, एक टोकदार. मित्र हसले. दादाने खोडलं, पुन्हा आखलं, तर आता कंबर आत गेली. चौथ्या खेपेला त्याने पेन्सिल भिरकावली. "मरू दे तिकडे," म्हणाला. माझा जीव भांड्यात पडला.

"दोरी," कॉटवरून आवाज आला.

सगळ्यांनी वळून पाहिलं. अप्पा डाव्या कोपरावर रेलून उठायच्या खटपटीत होते. दीड वर्षात ते आपणहून उठले नव्हते.

"दोन खिळे. मधल्या रेघेवर. टोकापासून साडेसहा इंच. दोन्हीकडून." त्यांना धाप लागली. "दोरी आठ फूट. सैल. दोन्ही खिळ्यांना बांध. पेन्सिल आत घाल. ताण. फिरव."

दादाने फिरवलं. प्लायवुडवर असा लंबगोल उमटला की चष्मेवाल्याने शिट्टी घातली. मला तिथल्या तिथे ओरडावंसं वाटलं. सगळे चहाला बाहेर गेल्यावर मी अप्पांच्या जवळ गेले.

"अप्पा, हे टेबल पुरं झालं तर तुम्हाला मागच्या खोलीत टाकणार आहेत. तुमच्या लक्षात येतंय ना?"

"येतंय."

"मग कशाला सांगितलंत?"

त्यांनी तोंड कसनुसं केलं, नासकं दूध प्याल्यासारखं. "वाकडं होतं गं," ते म्हणाले. "सारखं डोळ्यांसमोर. वाकडं."

मला त्यांचा इतका राग आला की त्या दिवशी मी त्यांच्याशी धड बोललेही नाही. स्वतःच्या हाताने स्वतःला खोलीबाहेर काढणारा माणूस मी दुसरा पाहिला नव्हता.

टेबलाला आकार आला, पाय लागले, वर फोम आणि हिरवी बनात, म्हणजे जाड लोकरी कापड, आली. पत्ते घसरावेत म्हणून ती ताणून बसवतात, दादाची जेमतेम बरी बसली. आता राहिला होता कडेचा गुबगुबीत कठडा, ज्यावर खेळणारे हात टेकतात. लाकडाच्या लंबगोल कड्यावर फोम आणि त्यावर काळं रेक्झीन. इथे मात्र मी निर्धास्त होते. वळणावर रेक्झीन चढवायला आमच्या कारखान्यात पोरं तीन-तीन वर्षं शिकतात.

पुढच्या रविवारी गेले तर कठड्याची पार वाट लागलेली. दादाने अख्खी पट्टी एकदम गुंडाळून एका टोकापासून पिना मारत नेल्या होत्या. सरळ बाजूला ठीक, पण वळणावर सुरकुत्याच सुरकुत्या, एकीवर एक चढलेल्या. जोड नेमका वळणावर आणलेला, तिथून फोम बाहेर डोकावत होता. सरसाचे ओघळ वाळून पिवळे पडलेले. तीनदा उसवून तीनदा चढवलं, असं वहिनी म्हणाली. दादाचा चेहरा उतरला होता. मित्रही दोन दिवस फिरकले नव्हते.

"भंगारवाल्याला देतो," तो म्हणाला. "डोक्याला ताप नुसता. उद्या बोलावतो त्याला." आणि चप्पल घालून बाहेर निघून गेला.

वहिनीने माझ्याकडे बघून भुवया उडवल्या. आम्ही जिंकलो होतो. फक्त एक दिवस काढायचा होता.

मी अप्पांची दाढी केली. नखं काढली. चादर बदलली. प्रत्येक वेळी वळले की तो कठडा समोर. बघायचं नाही म्हटलं तरी नजर तिथेच. आमच्या धंद्यात सुरकुती ही शिवी आहे. गिऱ्हाइकाला दिसो न दिसो, आपल्याला रात्रंदिवस टोचते. मी अप्पांकडे पाहिलं तर तेही तिकडेच बघत होते आणि त्यांचं तोंड तसंच कसनुसं झालं होतं.

मी फक्त एक वळण उसवून बघणार होते. देवाशपथ, एवढंच. पिशवीत माझी पक्कड होती, ती कायम असते. चार पिना काढल्या, मग चाळीस. मग वहिनीचा केस वाळवायचा ड्रायर आणून रेक्झीन गरम केलं. मऊ झालं की ते ऐकतं. जोड सोडवून सरळ बाजूला नेला. वळणाच्या मधोमध एक पिन, मग डावीकडे एक, उजवीकडे एक, ताण वाटत वाटत. खालच्या अंगाला बोटाबोटावर चिरा दिल्या म्हणजे जादा कापड एकमेकांत मिटून जातं.

"जास्त ओढू नको," अप्पा म्हणाले.

"कळतं मला," मी म्हटलं.

अडीच तास आम्ही दोघं त्या कठड्यात गुंतलो होतो. अप्पा डाव्या हाताने रेक्झीनचं टोक धरून ठेवत होते. वहिनी दारात येऊन उभी राहिली. "चिमे, काय करतेयस?" ती म्हणाली. मी "आलेच" म्हटलं आणि दुसरं वळण घेतलं. तिने कपाळावर हात मारला आणि आत गेली. शेवटची पिन मारून मी कठड्यावरून तळवा फिरवला. कुठेही अडला नाही. अप्पांनीही डावा तळवा फिरवला आणि हसले. त्या क्षणी मला इतकं बरं वाटत होतं, हे मी कबूल करते.

दादा परत आला आणि दारातच थबकला. मग त्याने टेबलाभोवती दोन फेऱ्या मारल्या, चार बाजूंनी फोटो काढले आणि उभ्या-उभ्याच मित्रांना पाठवले. फोटोखाली 'स्वतःच्या हाताने बनवलं' असं लिहिलेलं मी त्याच्या खांद्यावरून वाचलं.

"शनिवारी अप्पांना हलवू," तो फोनमधून डोकं वर न काढता म्हणाला. "रविवारी दुपारी मंडळी येतायत."

मी भांडले. रडले. हे आम्ही केलंय, तू नाही, असं ओरडले. तो म्हणाला, "मी बोलावलं होतं का तुला?"

शनिवारी मी कारखान्यातून अर्धा दिवस सुट्टी घेऊन गेले. पिशवीत कटर होता. कठड्याला दोन उभे वार, की पुन्हा महिनाभर निघेल. दादा मागच्या खोलीतले रंगाचे डबे हलवत होता. मी पातं बाहेर काढून वळणावर टेकवलंसुद्धा. सुरकुती नाही, पीळ नाही, दोन्ही वळणं सारखी. इतकं चांगलं काम मी कारखान्यातही क्वचित केलंय. माझा हात पुढे सरकेना. वडिलांची खिडकी एका पारड्यात आणि दीड हात रेक्झीन दुसऱ्यात, आणि मला रेक्झीन कापवेना. मी पातं आत घेतलं आणि दादा कॉट न्यायला आला तेव्हा अप्पांची उशी उचलून त्याच्या मागोमाग चालू लागले. कॉट आम्ही दोघांनी मिळून नेली.

रविवारी दुपारी पुढच्या खोलीत दहा माणसं बसली होती. खिडकी बंद होती, पडदा ओढलेला, कारण चष्मेवाल्याला पत्त्यांवर उजेडाची तिरीप नको होती. मी साबण आणि वस्तरा घेऊन मागे गेले. झरोक्यातून येणारा उजेड अप्पांच्या पायांपर्यंतच पोचत होता, म्हणून विजेचा दिवा लावून दाढी करावी लागली. पंप सुरू झाला की कॉट थरथरायची. मग मी वस्तरा उचलून घ्यायचे आणि पंप बंद व्हायची वाट बघायचे. पुढून हसण्याचा आवाज आला, कोणीतरी टेबलावर मूठ आपटली.

अप्पांनी कान टवकारले.

"कठडा?" त्यांनी विचारलं. "रेक्झीन सुटलंय कुठे?"

"नाही. मघाशीच बघितला."

"टिकेल?"

"दहा वर्षं काही होत नाही त्याला," मी म्हटलं, आणि ते म्हणताना माझ्या आवाजात जो तोरा होता तो माझा मलाच ऐकू आला.

अप्पांनी समाधानाने मान हलवली आणि दुसरा गाल पुढे केला. त्यांना अठ्ठ्याहत्तरावं लागलंय.