हात टेकला तेव्हा

मी एक जुनी ताडपत्री आहे. कुस्तीच्या दोरबंद चौकटीत फळ्यांवर ताणली जाणारी. ओसाकाच्या एका तंबूवाल्याने मला शिवलं तेव्हा युद्ध संपून फार वर्षं झाली नव्हती आणि ही परदेशी कुस्ती आमच्याकडे नवीनच आली होती. मित्रांनो, काय दिवस होते ते! चौकात दूरचित्रवाणी संच लावला की रस्ता माणसांनी फुलून जायचा. माझ्यावर कोणी धाडकन आपटलं की तिकडे टोप्या उडायच्या. मीही जरा फुशारले होते.

तोकुजी आणि इवाओ मूळचे सुमो पैलवान, एकाच तालमीतले. तिथे पोटभर जेवण मिळेना, तेव्हा तोकुजीने सुमो पैलवानाची खूण असलेला आपला केसांचा बुचडा कापून ही नवी कुस्ती धरली. मग तो वयाने धाकट्या इवाओच्या मागे लागला.

"काप तो बुचडा नि चल माझ्याबरोबर. इथं पेजेवर किती दिवस काढणार?"

"दादा, आईनं बघितलं तर ती मलाच कापेल!" इवाओ हसला. पण त्याने बुचडा कापला.

सुमोत हाताचा तळवा जमिनीला लागला की पैलवान हरला. इथे तसं नव्हतं. इवाओला हे तोंडपाठ होतं, त्याच्या अंगाला मात्र अजून पटलेलं नव्हतं.

एका दुपारी नागोयात दोघांचीच आपसांत झुंज लागली. इवाओचा तळवा माझ्यावर टेकला. सवयीने त्याने अंग सैल सोडलं, मान लववली. तेवढ्यात तोकुजीने त्याला उचलून आपटलं. खांद्याचं हाड मोडल्याचा आवाज मला ऐकू आला, लोकांना नाही. ते टाळ्या पिटत होते. मला मऊ होता आलं नाही, याची बोचणी अजून जात नाही.

इवाओ पुन्हा लढू शकला नाही. कुस्त्या भरवणाऱ्या मालकाने त्याला मला धुण्याच्या कामावर ठेवलं. तो एका हाताने घासायचा. तोकुजी रोज गोड सारणाचे पाव घेऊन यायचा आणि मुकाट्याने बादल्या भरायचा. एकदा इवाओच म्हणाला, "दादा, असं तोंड पाडून नका बसू. चूक माझीच. हात टेकला म्हणून थांबलो. येडाच मी!"

तोकुजीने बादली खाली ठेवली. "मला दिसलं होतं रे. तू थांबलास, सैल पडलास, सगळं दिसलं. पण लोक ओरडत होते."

इवाओचा ब्रश थांबला. तो म्हणाला, "पाव घेऊन जा, दादा. उद्यापासून आणू नका."

तोकुजी तरीही येत राहिला, रिकाम्या हातांनी. बादल्या भरून जायचा. इवाओ त्याच्याशी पुन्हा बोलला नाही.

आता मी गोदामात पडून आहे, उंदीर मला कुरतडतात. माझी निगा राखा, असं सांगायला माझी जीभ रेटत नाही. मित्रांनो, एवढंच करा. समोरचा सैल पडलेला दिसला की थांबा. टाळ्या वाजत असल्या तरी थांबा.