पुलाच्या अलीकडे

शिवगंगेनं त्या बाईला पुलाच्या अलीकडे थांबवलं आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. आठ मिनिटं झाली होती. टीव्हीच्या पडद्यावर ती बाई पहिल्या फळीपाशी उभी होती, अंगात लांब डगला, पाठीला वेताची टोपली. खाली नदी वाहत होती. पाण्यावर धुकं होतं आणि पलीकडचा काठ त्यात कधी दिसायचा, कधी नाही. आणखी एक पाऊल टाकलं असतं तर फळी वाजली असती.

“उद्या बघू,” शिवगंगा तिला म्हणाली, आणि तिनं बटण दाबून पडदा काळा केला.

हे उद्या बघू गेले सात दिवस चाललं होतं.

शिवगंगेचं वय चौसष्ट. सात महिन्यांपूर्वी तिच्या दोन्ही गुडघ्यांच्या वाट्या बदलल्या होत्या. आता चाला, खुशाल चाला, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. ती पलंगापासून स्वयंपाकघरापर्यंत आणि स्वयंपाकघरापासून बैठकीपर्यंत चालायची, तेवढ्यात तिचं खुशाल संपायचं. एकदा हिय्या करून फाटकाबाहेर पडली, शिंप्याच्या कोपऱ्यापर्यंत गेली, आणि तिथं पाय असे लटपटले की विजेच्या खांबाला धरून उभी राहिली. लोक बघायला लागले. त्या दिवसापासून तिनं फाटकाची कडी काढली नव्हती. दुखण्याचं तिला भय नव्हतं. भय होतं ते रस्त्यात मधेच अडकून पडायचं.

“वाटेत कुठं टेकायला जागा तरी पायजे की व,” ती नवऱ्याला म्हणाली होती.

महादेवप्पांनी पेपरातून डोकं वर काढलं नव्हतं. तसं या दोघांचं चालणं कधी बरोबरीनं झालंच नव्हतं. लग्नानंतर पहिल्यांदा सिद्धेश्वराच्या यात्रेला गेले, तेव्हाही महादेवप्पा दहा पावलं पुढे आणि त्यांची पांढरी टोपी गर्दीत शोधत शिवगंगा मागे. चाळीस वर्षं ती टोपी पुढेच राहिली. ती कधी थांबली असेल, वळून बघितलं असेल, असं शिवगंगेला आठवत नव्हतं.

तर हा खेळ घरात आला तो तिच्या चुकीनं, आणि ती चूक एखाद्या कापडवाल्याच्या बायकोनंच करावी अशी होती. तिची लेक अंबिका नोकरीसाठी हैदराबादला गेली, तेव्हा तिचं खेळाचं यंत्र बैठकीतल्या टीव्हीलाच जोडलेलं राहिलं. शिवगंगा त्यावर भजनं ऐकायची. गेल्या आठवड्यात सोमवारी भजन शोधताना बोट भलतीकडेच पडलं आणि पडद्यावर चित्रांचं दुकान उघडलं. एका चित्रात नदी होती, धुकं होतं, पायवाट होती. ती बघतच राहिली. खाली इंग्रजीत काहीतरी विचारलं गेलं, तिनं हो म्हटलं. पुन्हा विचारलं, पुन्हा हो म्हटलं. तिच्या लेखी ती एवढंच म्हणत होती, की दाखवा. गोलाईच्या बाजारातल्या आपल्या दुकानात तिनं आयुष्यभर पाहिलं होतं, गिऱ्हाईक दाखवा म्हणतं आणि गादीवर एकामागून एक साड्या उलगडल्या जातात. पन्नास उलगडल्या आणि एकही घेतली नाही, तरी कुणी पैसे मागत नाही. इथं मात्र उलगडलं की घेतलं असा कारभार होता. अंबिकाच्या कार्डातून एका चांगल्या इरकल साडीचे पैसे गेले.

अंबिकाचा लगेच फोन आला.

“अव्वा, खेळ विकत घेतलीस का गं?”

“न्हाई बाई. मी नुसतं बघून राहिले होते.”

अंबिका हसली. चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असेल तर खेळ परत करता येतो, सगळे पैसे मिळतात, असं तिनं समजावलं. “थांब, आत्ता इथूनच करते परत.”

“घाई कशाला?” शिवगंगेच्या तोंडून निघून गेलं. “पुढच्या आठवड्यात शनिवारी तू येणारच हायस की. माज्यासमोर कर. मला बी कळंल.”

खरं म्हणजे तिला काही कळून घ्यायचं नव्हतं. तिला ती पायवाट हवी होती, शनिवारपर्यंत का होईना.

दुपारी महादेवप्पा जेवायला आले, तेव्हा त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि मान डोलावली. “कायदा बरोबर हाय त्यांचा. घडी मोडली नसंल तर माल परत. आपला बी तोच हाय. शनिवारी देऊन टाका.”

शिवगंगेनं भाजी वाढली. महादेवप्पांचा कायदा अख्ख्या गोलाईला ठाऊक होता. आठ दिवसांच्या आत, घडी न मोडलेली साडी ते हसतमुखानं परत घ्यायचे. पण कुणी एकदा नेसून, पुन्हा तश्शी घडी घालून आणली, तर त्यांच्या नाकातून सुटायची नाही. एकदा एका बाईंची साडी त्यांनी नुसती तोंडाजवळ धरली आणि शांतपणे विचारलं, “लग्न कुणाकडं होतं?” बाई साडी घेऊन निघून गेल्या. नेसून परत करणाऱ्याला ते चोरापेक्षाही खालचा समजायचे.

म्हणून शिवगंगेनं आपल्यापुरता एक नियम केला. पहिल्या दिवशी वीस मिनिटं होऊन गेली होती. उरलेली पुरवून पुरवून वापरायची, रोज आठ मिनिटं, घड्याळ लावून. आणि पूल ओलांडायचा नाही. पुलापर्यंत जाणं म्हणजे साडीचा काठ बोटानं चाचपून पाहणं, पूल ओलांडला की घडी मोडली. असं कुठं लिहिलेलं नव्हतं, पण तिला ते पटलं होतं. तरी मन खायचंच. रोज थोडं थोडं नेसायचं आणि पुन्हा घडी घालून ठेवायची, हे त्या बाईंपेक्षा काय वेगळं होतं?

पण ती आठ मिनिटं! पायवाटेच्या दोन्ही बाजूंना कमरेएवढं गवत होतं, वाऱ्यानं ते एका अंगाला कलायचं. बगळे उठायचे. खेळात जिंकायचं, हरायचं काही नव्हतं, नुसतं चालायचं. वाटेत पडलेली लाकडं टोपलीत घालता यायची आणि त्यांचं काय काय बनवता येतं, त्याची चित्रं एका वहीत होती. कंदील, कुंपण, बाकडं. शिवगंगेनं त्यातलं काही बनवलं नाही. त्यात मिनिटं गेली असती. ती फक्त चालायची, आणि चालताना तिचे खरे गुडघे सोफ्यावर गोधडीखाली पडून असायचे, कुणा दुसऱ्याचे असावेत तसे.

आता दुकानाच्या गादीवर थोरला मुलगा मन्मथ बसायचा, त्यामुळे जेवण झालं की महादेवप्पा दुपारभर घरीच असायचे, बैठकीतल्या आरामखुर्चीत. शिवगंगा गुडघ्यांसाठी दिलेली गोळी घेऊन आतल्या खोलीत पडायची. गोळीची झोप मोठी विचित्र, ना धड झोप ना जाग. त्या झोपेत तिला हल्ली पाण्याचा आवाज यायचा. दूर कुठंतरी नदी वाहतेय, पक्षी ओरडतोय आणि लाकडाच्या फळ्यांवरून कुणीतरी सावकाश चाललंय. टक्, टक्, टक्. तिला वाटायचं, आपणच चाललोय. झोपेतच तिला फार बरं वाटायचं.

पाचला ती उठायची तेव्हा महादेवप्पा दुकानात गेलेले असायचे. मग ती टीव्ही लावायची. एकदा ती बाई पुलाकडे पाठ करून उभी दिसली. आदल्या दिवशी आपण हिला नदीकडे तोंड करून ठेवलं होतं, असं शिवगंगेला पक्कं आठवत होतं. गोळीनं डोकं कामातून गेलं, असं म्हणून तिनं बाईला वळवून घेतलं. एकदा सहज हात लागला, तर टीव्हीची पाठ कोमट होती. पण लातुरात वैशाखात कोमट काय नसतं?

शुक्रवारी तिनं बाईला वाटेवरून फिरवून अगदी सावकाश परत आणलं. पुलाशी आल्यावर दोन मिनिटं उरली होती. ती दोन मिनिटं दोघी नुसत्या उभ्या राहिल्या. धुक्यात पलीकडे काहीतरी चौकोनी, काळसर दिसल्यासारखं वाटलं, मग ते मिटलं. इतक्या वयाच्या बाईनं एका खेळापायी रडावं, याची तिला लाज वाटली आणि रडूही आलंच.

शनिवारी दुपारी जेवणं झाल्यावर अंबिका टीव्हीसमोर मांडी घालून बसली. महादेवप्पा आरामखुर्चीत पेपर वाचत होते. शिवगंगेनं त्या दिवशी गोळी घेतली नव्हती. अंबिकानं भराभर बटणं दाबली, एक पान उघडलं, वाचलं आणि ती थांबली.

“अव्वा,” ती म्हणाली, “किती खेळलीस गं तू?”

“दोन तासाच्या आत. घड्याळ लावून खेळले.”

“इथं साडेएकोणीस तास दाखवतंय.”

शिवगंगेचा हात गळ्यातल्या इष्टलिंगाकडे गेला. “न्हाई गं! आण घेऊन सांगते. रोज आठ मिनिटं, त्याच्यावर एक न्हाई. पूल सुदिक वलांडला न्हाई मी.”

अंबिकानं आईकडे पाहिलं. मग ती मान वळवून वडिलांकडे पाहत राहिली.

महादेवप्पांनी पेपर मिटला. काठाला काठ जुळवून, हातानं दाबून, साडीची घालतात तशी त्याची घडी घातली आणि मांडीवर ठेवली.

“काय म्हणून राहिलेत ते?” त्यांनी विचारलं.

“परत घेत न्हाईत, अप्पा. लई वापरलाय म्हणतात.”

“बरोबर हाय त्यांचं. घडी मोडल्यावर कोण घेईल? आपण बी घेत न्हाई.” ते उठले, खुंटीवरची टोपी डोक्यावर ठेवली. “तुजे पैसे मन्मथकडून घेऊन जा.”

पाच वाजायला अजून दीड तास होता. तरी ते चपला घालून निघाले आणि मागे न बघता फाटकाबाहेर पडले.

अंबिका हसू दाबत आत चहा ठेवायला गेली. शिवगंगा सोफ्यावर तशीच बसून राहिली. झोपेतलं पाणी तिला ऐकू येत होतं. फळ्यांवरची पावलं ऐकू येत होती. रोज दुपारी कुणीतरी पूल ओलांडून जात होतं आणि पाच वाजायच्या आत त्या बाईला परत आणून, होती तिथं उभं करत होतं. एकदा फक्त तोंड वळवायचं राहून गेलं होतं.

तिनं रिमोट उचलला. घड्याळाकडे पाहिलं नाही.

फळ्या वाजल्या. टक्, टक्, टक्, अगदी झोपेत वाजायच्या तशाच. मधोमध आल्यावर धुकं दाट झालं, मग विरळ झालं, आणि पलीकडचा काठ हळूहळू वर आला. पूल उतरल्यावर लगेच डाव्या हाताला एक बाकडं होतं. साधं, लाकडाचं, दोघांना पुरेल एवढं. शिवगंगेनं बाईला त्यावर बसवलं. बसल्यावर चित्र आपोआप मागे सरकत गेलं आणि सगळी दरी दिसायला लागली. नदी, गवत, लांबवर जाणारी वाट. आणि वाटेवर पुढे आणखी एक बाकडं.

ती उठली आणि दुसऱ्या बाकड्यापर्यंत गेली. अंतर फार नव्हतं. फाटकापासून शिंप्याच्या कोपऱ्याच्या निम्म्यावर यावं, एवढंच. तिथून तिसरं दिसत होतं, तिसऱ्यावरून चौथं. चढणीवर ती आणखी जवळ जवळ ठेवलेली होती. एवढी लाकडं या माणसानं कुठून कुठून वेचून आणली असतील? ज्या माणसानं घरात कधी पाण्याचा तांब्या उचलून ठेवला नाही, त्यानं. शिवगंगेचे डोळे भरून आले. तिनं ते पुसले नाहीत, तशाच ओल्या डोळ्यांनी ती बाकड्यामागून बाकड्यावर बसत गेली.

“चहा, अव्वा,” अंबिका दारातून म्हणाली. मग पडद्याकडे बघून कप ठेवून परत गेली.

दिवेलागणीला महादेवप्पा घरी आले. हातपाय धुऊन, कपाळाला विभूती लावून जेवायला बसले. शिवगंगेनं भाकरी वाढली, शेंगाची चटणी वाढली, वर तेल घातलं. अंबिका फोनवर बोलत अंगणात फिरत होती.

“सातवं बाकडं उन्हात हाय,” शिवगंगा म्हणाली.

महादेवप्पांनी भाकरी मोडली. एक घास खाल्ला, दुसरा खाल्ला.

“तिथं झाडच न्हाई,” ते ताटाकडे बघत म्हणाले. मग भाकरीचा तुकडा चटणीला लावत म्हणाले, “उद्या दुपारी सरकवू. तू झोपू नको.”