मीटर वाजला की मेला

"मृत म्हणजे नक्की काय? बेशुद्ध की गेलाच?" निरीक्षकबाईंनी विचारलं आणि लॅपटॉप टेबलावर ठेवला.

झाकणावर लाल लेबल चिकटवलेलं होतं. 'मदरबोर्ड मृत. दुरुस्ती अशक्य.' खाली शिक्का, शिक्क्यावर सही, सहीखाली एक ठसठशीत ठिपका.

"सही ओळखीची आहे," वहिनी म्हणाल्या.

ओळखीची असणारच. सही त्यांच्या धाकट्या दिराची होती. रस्त्यापलीकडच्या चकचकीत सर्व्हिस सेंटरचा तो मुख्य. चौदा वर्षांपूर्वी याच टेबलाशी बसून तो काम शिकला. शिकताना दर दोन मिनिटांनी "वहिनी, हे काय? वहिनी, ते काय?" चालायचं. ते ऐकून ऐकून अख्खी गल्ली त्यांना वहिनी म्हणू लागली. एकदा तर त्यांच्या सख्ख्या आईनं फोनवर "वहिनी आहेत का?" असं विचारलं होतं.

वहिनी नवऱ्याला "अहो" म्हणत, म्हणून गल्ली त्यांनाही अहोच म्हणे. अहो दुकानाच्या दाराशी बसून पावत्या लिहीत आणि गिऱ्हाइकांना वाट्टेल ते कबूल करत. काम वहिनी करत.

"सेंटरवाले नवा बोर्ड घाला म्हणतात," निरीक्षकबाई म्हणाल्या. "पण मग आतलं सगळं जाईल म्हणे. आतलं गेलं तर मी गेले. म्हणजे तशी मी गेलेलीच आहे."

"म्हणजे?" अहोंनी विचारलं.

"मीही मृत आहे. नोंदणी कार्यालयात. सोळा मार्चपासून."

अहोंनी घाईघाईनं खुर्ची पुढे केली. मेलेल्या बाईला उभं ठेवणं त्यांना बरं वाटेना.

हकिगत साधी होती. कुणाच्या तरी मृत्यूची नोंद करताना कारकुनाची नजर एक ओळ खाली घसरली. वरच्या ओळीतले गृहस्थ तेव्हापासून कागदोपत्री ठणठणीत आहेत. निरीक्षकबाई मात्र वारल्या. त्यांचा गुडघा बदलायचा होता, पण मृत व्यक्तीचा गुडघा बदलायची तरतूद नाही असं इस्पितळानं नम्रपणे कळवलं.

"मग मी कार्यालयात जाऊन उभी राहिले. साहेब म्हणाले, आज तुम्ही जिवंत दिसताय हे मान्य. पण मधल्या काळात होता, याला पुरावा काय?"

"मग?"

"मग काय. मी तीस वर्षं दुकानदारांचे वजनकाटे तपासलेत. घरी सरकारी शिक्क्याचा काटा आहे. रोज सकाळी त्यावर उभी राहिले, आकड्याचा आणि तोंडाचा फोटो काढला. सात महिने. रोज शे-दोनशे ग्रॅम खाली-वर होतं. मेलेल्या माणसाचं असं होत नाही."

यावर वाद घालण्यासारखं काही नव्हतं.

"आज चार वाजता सुनावणी आहे. व्हिडिओवर. शेवटची. पुरावा दाखवला नाही तर फाइल बंद."

"फोटोंची दुसरी प्रत काढून नाही ठेवलीत?" अहो म्हणाले.

"मेल्यावर एवढं सुचत नाही हो."

वहिनींनी तोवर मागचं झाकण उघडलं होतं. फोटो ज्या चिपमध्ये होते ती बोर्डालाच डाग देऊन बसवलेली होती. बोर्ड उठला तरच फोटो उठणार. घड्याळात साडेअकरा झाले होते.

तेवढ्यात अहोंनी भावाला फोन लावला. स्पीकरवर, म्हणजे सगळ्यांना ऐकू जावं म्हणून.

"दादा, तो बोर्ड गेलाय," पलीकडून दीर म्हणाला. "मीटर वाजतोय. वहिनींना सांग, उगाच जिवाचा आटापिटा करू नका. हात थरथरतात त्यांचे हल्ली. आमच्या काउंटरवर बसा म्हणावं. एसी आहे, फिरती खुर्ची आहे. ती खोली मला खोकी ठेवायला होईल."

वहिनींचा हात थरथरायचा हे खरं होतं. कप धरला की थरथरायचा, पेन धरलं की थरथरायचा. चिमटा धरला की बराच वेळ थरथरत नसे. का, ते हातालाच ठाऊक.

"असं?" अहो तापले. "नाही चालला बोर्ड, तर तिचं टेबल उचलून ने! चार वाजता माणसं घेऊनच ये!"

फोन ठेवल्यावर आपण काय बोललो हे त्यांना हळूहळू उमगलं.

"टेबल कुणाचं?" वहिनींनी मान वर न करता विचारलं.

"तुझं."

"आणि तोंड?"

"माझं."

"मग त्यांना सांगा, न्यायचं तर ते न्या."

पण शब्द गेला होता, आणि गल्लीत गेलेला शब्द परत येत नसतो. समोरच्या शिंप्यानं खुर्ची दाराबाहेर आणून ठेवली होती, चारचा खेळ नीट दिसावा म्हणून.

वहिनींनी बोर्ड मोकळा करून टॉवेलवर ठेवला आणि वीज मोजायच्या मीटरची टोकं प्रोसेसरशेजारच्या कॉइलला लावली. मीटर वाजला. लांबलचक, सपाट आवाज.

टेबलावरच्या भिंतीला एक पिवळा पडलेला कागद चिकटवलेला होता. दिराला शिकवताना वहिनींनी स्वतःच्या हातानं लिहिलेले नियम. पहिलाच नियम होता: 'मीटर वाजला की मेला.' दुसरा होता: 'टेबलावर चहा ठेवू नये.' दुसरा कुणीच पाळत नसे. पहिला मात्र सगळे पाळत.

वहिनींनी टोकं उचलली. दिराचं बरोबर होतं तर. त्या चष्मा काढून पुसू लागल्या. चष्मा स्वच्छच होता.

"काय झालं?" निरीक्षकबाईंनी विचारलं.

"वाजला."

"ते मी ऐकलं. किती?"

"किती म्हणजे? वाजला म्हणजे आत शॉर्ट आहे."

"आकडा किती आला?"

"वाजायला लावला की आकडा बघत नाही कुणी."

निरीक्षकबाईंनी गुडघा धरून खुर्ची पुढे ओढली. तीस वर्षं दुकानदार ज्या आवाजाला चळचळा कापत, तो आवाज त्यांनी काढला. "बाई, काटा नुसता खाली गेला म्हणून आम्ही वजन लिहीत नव्हतो. किती खाली गेला ते बघत होतो. आकडा दाखवा."

एरवी वहिनींनी गिऱ्हाइकाला दाराबाहेर बसवलं असतं. पण आधीच मेलेल्या बाईला घालवणार कुठे? त्यांनी मीटरची कळ फिरवली. आकडा आला. तीन ओहम आणि थोडं.

"हे कमी आहे का?"

"कमीच आहे."

"कशापेक्षा?"

वहिनींनी टोकं खाली ठेवली. मग त्यांची नजर दाराकडे गेली. अहोंच्या पावत्यांचा लॅपटॉप त्याच जातीचा होता.

"अहो, तो इकडे आणा."

"माझा कशाला? तो चांगला चालतोय!"

"म्हणूनच."

"अगं पण उघडू नकोस, माझा डाव अर्धा आहे—"

झाकण निघालं, बॅटरीची तार सुटली, मीटरची टोकं टेकली. मीटर वाजला. तोच लांबलचक, सपाट आवाज. आकडा तीन ओहम आणि थोडं.

"अहो," वहिनी सावकाश म्हणाल्या, "तुमचा लॅपटॉप मेलाय."

"काय बोलतेस! आत्ता दहा मिनिटांपूर्वी पत्ते खेळत होतो त्यावर!"

"तेच म्हणते मी."

वहिनींनी भिंतीवरच्या कागदाकडे पाहिलं. हा नियम लिहिला तेव्हा खोटा नव्हता. तेव्हाचे प्रोसेसर मेल्याशिवाय वाजत नसत. मागून नवे आले, ते जिवंतपणीही वाजू लागले आणि त्यांनी तसं कुणाला कळवलं नाही. वहिनींच्या अनुभवी कानाला आवाज पुरत होता. दिराच्या कानाला त्यांच्यावरचा विश्वास पुरत होता. आणि रस्त्यापलीकडे इतकी वर्षं लाल लेबलं चिकटत होती.

"बसलात काय?" निरीक्षकबाई म्हणाल्या. "दोन वाजले. मला चारला जिवंत व्हायचंय."

मग वहिनींनी सगळंच आकड्यात मोजायला घेतलं. एक टोक या बोर्डावर, मग त्याच जागी अहोंच्या बोर्डावर. निरीक्षकबाई आकडे कागदावर मांडत होत्या, प्रत्येक आकड्यापुढे बारीकशी बरोबरची खूण करत. बावीस जागा जुळल्या. तेविसाव्या जागी, जिथून अ‍ॅडॉप्टरची वीज सगळ्या बोर्डाला जाते तिथे, अहोंच्या बोर्डाचा आकडा हजारांत होता आणि या बोर्डाचा अर्धा ओहमसुद्धा नव्हता.

"वजनात मारतोय हा," निरीक्षकबाई म्हणाल्या.

"सापडला," वहिनी म्हणाल्या. "म्हणजे गल्ली सापडली. घर शोधायचंय."

त्यांनी त्या लाइनीत जेमतेम एक व्होल्ट सोडला आणि बोर्डावर स्पिरिट ओतलं. पातळ, चकचकीत थर पसरला. जो दोषी असेल तो तापतो, आणि त्याच्या अंगावरचं स्पिरिट आधी वाळतं. तिघंही बोर्डावर ओणवे झाले. शिंपीही आत आला.

तिळाएवढ्या एका कपॅसिटरभोवती कोरडं वर्तुळ उमटलं.

"एवढासा?" अहो म्हणाले.

वहिनींनी गरम हवेची गन धरली, चिमट्यानं तो तीळ उचलला आणि निरीक्षकबाईंच्या तळहातावर ठेवला.

"त्याच्या जागी काय घालणार?"

"काही नाही. त्याच्यासारखे आणखी अकरा आहेत तिथे. एक नसला तर कुणाला पत्ता लागत नाही."

"अगदी आमच्या खात्यासारखं."

सप्लाय जोडला. वहिनींनी स्विचच्या दोन टोकांना चिमटा टेकवला. सप्लायवरचा आकडा हलला, चढला, थांबला, पुन्हा चढला. टॉवेलवर उघडाबोडका पडलेला पंखा गरगरला. साडेतीन वाजले होते. गडबड एकच राहिली. स्क्रीनची केबल जिथे बसते तिथली पट्टी सेंटरमध्ये उघडताना कुणीतरी मोडली होती. केबल बोटानं दाबून धरली तर चित्र आणि कॅमेरा, सोडली तर अंधार. चिकटपट्टी लावून पाहिली, रबर ठेवून पाहिलं. बोटाशिवाय तिला कुणी चालेना.

"मी धरते," वहिनी म्हणाल्या.

बरोबर चार वाजता दीर आला. टाय, गळ्यात ओळखपत्र, मागे दोन हमाल. दारात तिघंही थबकले, कारण आत सुनावणी चालू होती.

"आपण हयात आहात?" स्क्रीनवरचे साहेब विचारत होते.

"आहे."

"एकोणीस एप्रिल रोजी?"

"अठ्ठावन्न किलो दोनशे. फोटो बघा."

"वीस एप्रिल?"

"अठ्ठावन्न शंभर. आदल्या रात्री जेवले नव्हते. तुमचं पत्र आलं होतं."

पंचवीस मिनिटं झाली. जूनच्या मध्यावर वहिनींचा हात थरथरू लागला. चित्र लवलवलं, गेलं, आलं.

"बाई? आपण गेलात का?" साहेबांनी विचारलं.

"नाही. आहे अजून."

जुलैत चित्र पुन्हा गेलं. वहिनींनी दुसऱ्या हातानं मनगट आवळून धरलं. ओठ घट्ट मिटले. बोट काढलं नाही.

"वहिनी, द्या, मी धरतो," दीर हळूच म्हणाला.

वहिनींनी त्याच्याकडे पाहिलं. "आधी तो टाय मागे टाका, भावोजी. पंख्यात जाईल."

त्यानं टाय खांद्यावर टाकला आणि टेबलाशी गुडघे टेकून केबल धरली. चौदा वर्षांपूर्वी तो इथेच असा बसायचा. थोड्या वेळानं तो पुटपुटला, "पण मीटर वाजत होता ना, वहिनी. मी स्वतः ऐकला."

"वाजतो. जिवंतपणीही वाजतो आता."

"तुम्हीच शिकवलं होतंत—"

"हो," वहिनी म्हणाल्या. "मीच."

ऑगस्ट, सप्टेंबर, ऑक्टोबर. साहेबांनी दीर्घ श्वास घेतला. "पुरावा ग्राह्य आहे. उद्यापासून आपण जिवंत. आजचा दिवस मात्र नियमाप्रमाणे मृतच धरला जाईल."

"चालेल," निरीक्षकबाई म्हणाल्या. "आज मला तसंही कुठे जायचं नव्हतं."

पण घरी जायचं होतंच, आणि दिवसभर बसून गुडघा धरला होता. तेव्हा टेबल न्यायला आलेल्या हमालांनी त्यांना खुर्चीसकट उचललं आणि पायऱ्या उतरवल्या. मांडीवर लॅपटॉपचे सुटे भाग टॉवेलात बांधलेले. "तिरकी होतेय, डावीकडे दोन बोटं वर घ्या," असं त्या रस्ताभर सांगत होत्या. शिंपी उठून उभा राहिला.

दुकानात वहिनींनी पेन्सिल घेतली आणि भिंतीवरच्या पहिल्या नियमावर रेघ मारली. रेघ वाकडीतिकडी आली. त्यांनी ती तशीच ठेवली. कागदही काढला नाही.

"आमच्या कपाटात अजून एकवीस आहेत," दीर म्हणाला. "लेबल लावलेले."

"आणा. सगळे."

अहोंनी पावतीपुस्तक उघडलं.

"आणि भावोजी, फेकले किती?"

दीर केबलचा वळ उमटलेलं बोट चोळत राहिला. टाय अजून खांद्यावरच होता. वहिनींनी टेबलाखालून दुसरं स्टूल ओढलं, त्यावरची धूळ पदरानं पुसली आणि आपल्या स्टुलाशेजारी ठेवलं.